वैराकडून अनुरागाकडे

(मंडळात झालेले भाषण)



आपल्या घरांतील तरुण मुलींच्या हाती अलीकडे इंग्रजी अद्भुतकथांचे जाडजूड ग्रंथ दिसतात. त्यांतील नायक-नायिका प्रारंभी एकमेकांच्या जिवावर उठलेले असतात आणि अखेरीस एकमेकांवाचून जगू शकत नाहीत. रेबेका यारोस यांच्या २०२३ सालच्या 'फोर्थ विंग' या कादंबरीत नायकाच्या बंडखोर पित्याच्या अंतास नायिकेची सेनापती माताच कारणीभूत असते. शत्रूवर कसले प्रेम करायचे, असे आपण वडीलधारी माणसे विचारतो. प्रश्न रास्त आहे. परंतु तो नवा नाही, एवढेच आम्हांस आज सांगावयाचे आहे.

महाभारताचे आदिपर्व आठवावे. लाक्षागृहातून निसटलेले पांडव अरण्यात निद्राधीन झाले आहेत. भीम एकटा जागा आहे. नरमांसाच्या लोभाने हिडिंब राक्षस आपल्या बहिणीला तिकडे धाडतो. ती येते घात करावयास, आणि भीमाला पाहताच अनुरक्त होते. मात्र महाभारतकारांनी हा पालट फुकटात घडविलेला नाही. भावाचा बेत भीमाला सांगून हिडिंबा आपले कुळच पणाला लावते. हिडिंब मारला गेल्यावर भीम तिच्याही अंगावर धावतो. युधिष्ठिर त्याला आवरतो. विवाह होतो तोही अटींवर: दिवसा भीम तिच्यासमवेत, रात्री आपल्या माणसांत, आणि तेही पुत्र होईपर्यंतच. पुढे त्या पुत्राने, घटोत्कचाने, कुरुक्षेत्रावर पित्याच्या पक्षासाठी प्राण वेचले.

फ्रान्समध्ये १७४० साली मादाम द व्हिल्नव्ह यांनी सुंदरी आणि पशू यांची कथा लिहिली. १७५६ मध्ये मादाम ल प्रँस द बोमाँ यांनी ती संक्षेपाने सांगितली. एका गुलाबापायी पशू बापाचा प्राण मागतो आणि कन्या बापाच्या जागी जाते. रोज रात्री तो तिला लग्नाविषयी विचारतो, ती नकार देते. कथेला खरी कलाटणी मिळते ती, तो तिला पित्याच्या भेटीस जाऊ देतो तेव्हा. जिला कोंडून ठेवण्याचे बळ अंगी आहे, तिला तो दार उघडून देतो. ती परतते ती स्वेच्छेने.

या कथांची मोहिनी कशात आहे? मित्र आपले दोष पोटात घालतो. शत्रू आपल्याला बारकाईने न्याहाळतो. आपले बळ आणि आपले वर्म दोन्ही त्याला ठाऊक असतात. त्यानेच पुढे आपल्यावर जीव लावला, तर त्याच्यापासून लपवावयाचे काही उरत नाही. शिवाय जेन ऑस्टिनच्या १८१३ सालच्या 'प्राइड अँड प्रेज्युडिस'मध्ये निम्मा दुरावा एका पत्राने सरतो. अद्भुतकथेत दोन राज्ये, दोन योनी, एखादा शाप आड येतो. तेथे पत्र पुरत नाही; कोणाला तरी सिंहासन, कुळ वा सामर्थ्य सोडावे लागते. प्रेमाचे मोल तेथे डोळ्यांना दिसते.

तथापि एक सावधगिरी हवी. छळालाच प्रेम म्हणणारी कथाही याच वेषात येते. शेक्सपिअरच्या ज्या नाटकावरून वा. बा. केळकरांनी 'त्राटिका' रचले, त्यात नायक पत्नीला उपाशी ठेवून, झोपू न देऊन नमवितो. प्रेक्षक पिढ्यान्‌पिढ्या हसले. परंतु तेथे वैर मिटलेले नाही, एक पक्ष हरला आहे. म्हणून कसोटी एकच: पालट दोघांत झाला, की एकाला वाकविले? बलवानाने आपले बळ खाली ठेवले की नाही?

तेव्हा मुलीच्या हातातील पुस्तक काढून घेण्यापेक्षा तिला हाच प्रश्न विचारावा आणि तिचे उत्तर मनापासून ऐकावे. मग आपल्या भाषेत तिला हिडिंबेची गोष्ट सांगावी. मनालीच्या देवदारांत १५५३ साली उभारलेल्या मंदिरात ती राक्षसी आज देवी म्हणून पूजिली जाते, हेही सांगावे. आजी आणि नात एकाच कथेच्या दोन टोकांना बसल्या आहेत, हे दोघींच्याही ध्यानात येईल.