मागच्या फळीतला भरवसा



मघाशी मुख्याध्यापक सरांनी शाळेचा वार्षिक अहवाल वाचला. मुलांचा फुटबॉल संघ शालेय स्पर्धेत अंतिम फेरीपर्यंत पोहोचला आणि मुलींचा संघ यंदा पहिल्यांदाच मैदानात उतरला, हे ऐकताना तुम्ही केलेला जल्लोष मी बघत होतो. दोन्ही संघांचं आणि त्यांच्या क्रीडाशिक्षकांचं मनापासून अभिनंदन. कोल्हापुरात फुटबॉलविषयी बोलायला प्रस्तावना लागत नाही. तालमींच्या नावानं फुटबॉल संघ असणारं आणि त्यांच्या सामन्यांसाठी शाहू स्टेडियम भरवणारं हे गाव आहे. याच मातीतला अनिकेत जाधव २०१७ साली भारतात झालेल्या सतरा वर्षांखालच्या विश्वचषकात देशाकडून खेळला. तो आघाडीचा खेळाडू. त्याच्याकडे बघून तुमच्यातल्या पुष्कळ जणांनी गोल करायचं स्वप्न बघितलं असेल. ते जरूर बघा. मी मात्र आज एका बचावपटूबद्दल बोलणार आहे. क्रीडा पत्रकार म्हणून मी त्याचा खेळ आधी मुंबईत आणि मग पुण्यात जवळून बघितला. व्यावसायिक खेळाडूचं आयुष्य खरोखर कसं असतं, हे मला त्याच्या कारकिर्दीइतकं स्पष्ट दुसऱ्या कुणाच्या कारकिर्दीत दिसलेलं नाही.

त्याचं नाव अनस एडाथोडिका. केरळातल्या मलप्पुरम जिल्ह्यातलं कोंडोट्टी हे त्याचं गाव. जन्म १९८७ चा. घरची परिस्थिती बेताची. शिकत असतानाच्या दिवसांत चार पैसे हाताशी यावेत म्हणून त्यानं ऑटोरिक्षा चालवली. अकादमीत वाढलेला, लहानपणीच कुणाच्या नजरेत भरलेला असा हा मुलगा नव्हता. २००७ मध्ये मुंबई एफसी हा नवा क्लब उभा राहिला आणि अनस त्यात आला. दुसऱ्या श्रेणीची स्पर्धा जिंकून तो संघ आय-लीगमध्ये, म्हणजे तेव्हाच्या देशातल्या पहिल्या श्रेणीत चढला. मुंबईतल्या कुपरेज मैदानावर अनस त्या संघाच्या मागच्या फळीत पाय रोवून उभा राहिला.

२०११ मध्ये तो पुणे एफसीत आला आणि बालेवाडीचं मैदान त्याचं झालं. २०१२-१३ च्या आय-लीगमध्ये पुण्याचा हा संघ दुसरा आला. त्या काळातले सामने बघताना मी मुद्दाम एक गोष्ट करायचो. चेंडूकडे बघायचं सोडून फक्त अनसकडे बघत बसायचो. तुम्हीही एकदा करून बघा. चेंडू समोरच्या संघाच्या गोलपाशी असतो, सगळं मैदान तिकडे बघत असतं, आणि स्टॉपरची, म्हणजे मधल्या बचावपटूची मान मात्र सारखी वळत असते. डावीकडचा बॅक किती पुढे गेलाय, आपला गोलरक्षक कुठे उभा आहे, त्यांचा नऊ नंबर कुणाच्या आडून पळायच्या बेतात आहे, हे तो पुन्हा पुन्हा बघून घेतो. चेंडू आपल्याकडे यायला लागला की तो समोर छाती करून उभा राहत नाही, अंग तिरकं करतो. म्हणजे आघाडीवीर कुठल्याही बाजूनं निसटला तरी त्याच्याबरोबर वळून पळता येतं. आणि चेंडू लांब मारून झाला की तो हुश्श करून थांबत नाही. "चढा, चढा!" असं ओरडत सगळी फळी वर नेतो, म्हणजे मागे रेंगाळलेला प्रतिस्पर्धी ऑफसाइडमध्ये सापडतो. आत्ता याच व्यासपीठावर तुम्ही लेझीम खेळलात. रांगेत एकाचं पाऊल चुकलं की सगळी रांग विस्कटते, बचावफळीचंही अगदी तसंच असतं.

यातलं काहीही दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रात येत नाही. गोल झाला नाही, ही बातमी होत नाही. तरीही संघाचा प्रशिक्षक, गोलरक्षक आणि शेजारी खेळणारा जोडीदार यांना पक्कं ठाऊक असतं, की आज आपण कुणामुळे वाचलो.

आता अनसच्या पुढच्या प्रवासाकडे वळू. २०१५ मध्ये पुणे एफसीचा मुख्य संघ बंद झाला. अनस इंडियन सुपर लीगमध्ये दिल्ली डायनामोजकडे गेला. तिथे प्रशिक्षक कोण, तर ब्राझीलचा विश्वविजेता रॉबर्टो कार्लोस. तोही बचावपटूच. त्या वेळच्या नियमानुसार मैदानात एका संघाचे सहा परदेशी खेळाडू उतरू शकत होते, आणि मधला स्टॉपर व पुढचा स्ट्रायकर या दोन जागा बहुतेक क्लब परदेशी खेळाडूंनाच देत होते. म्हणजे भारतीय स्टॉपरला आधी आपल्याच संघात जागा मिळवावी लागायची, प्रतिस्पर्ध्याशी गाठ नंतर. अनसनं ती जागा मिळवली आणि टिकवली.

२०१७ च्या आय-लीगमध्ये तो मोहन बागानकडून खेळला. त्याच वर्षी मार्चमध्ये नॉम पेन्ह इथे कंबोडियाविरुद्ध तो भारताकडून पहिला सामना खेळला. भारतानं तो ३-२ असा जिंकला. तेव्हा अनसनं तिशी ओलांडली होती. दहावी-बारावीतल्या माझ्या मित्रांनो, हे वय नीट लक्षात ठेवा. एका परीक्षेत दोन टक्के कमी पडले, एका निवड चाचणीत नाव आलं नाही, की आपली गाडी चुकली असं तुम्हाला वाटायला लागतं. हा माणूस दहा वर्षं क्लब फुटबॉल खेळत राहिला, आपलं काम चोख करत राहिला, आणि त्यानंतर देशाची जर्सी त्याच्या अंगावर आली.

चारच महिन्यांनी इंडियन सुपर लीगच्या खेळाडू निवडीत जमशेदपूरनं पहिलंच नाव घेतलं ते अनसचं. एक कोटी दहा लाख रुपये. त्या यादीतली ही सर्वांत मोठी रक्कम होती. दुसरा स्टॉपर संदेश झिंगन याच्याबरोबर भारताच्या बचावफळीत त्याची जोडी जमली आणि भारत २०१९ च्या आशियाई चषकासाठी पात्र ठरला.

त्या आशियाई चषकातला एक दिवस मला तुम्हाला सांगायलाच हवा. जानेवारी २०१९, शारजा, समोर बहारीन. बरोबरी झाली असती तरी भारत पुढच्या फेरीत गेला असता. सामना सुरू होऊन काही मिनिटंच झाली आणि अनस जखमी होऊन बाहेर आला. ज्या सामन्यासाठी सगळी कारकीर्द वेचली, तो त्याला बाकावरून बघावा लागला. नव्वद मिनिटं गोलशून्य गेली, आणि त्यानंतर भरपाई म्हणून मिळालेल्या मिनिटांत पेनल्टीवर गोल खाऊन भारत हरला. त्यानंतर त्यानं आंतरराष्ट्रीय फुटबॉल सोडत असल्याचं जाहीर केलं. पुढे त्याच वर्षी देशाच्या संघाला गरज होती तेव्हा तो निर्णय मागे घेऊन परतही आला. दुखापत कुणाला विचारून येत नाही. त्या दिवशी त्याच्या तयारीत काही कमी होतं म्हणून ते घडलं नाही. तुमच्याही वाट्याला असा एखादा दिवस येईल. तो दिवस म्हणजे आपल्या सगळ्या मेहनतीवरचा निकाल, असं कृपा करून समजू नका.

जमशेदपूरनंतर केरळा ब्लास्टर्स, मग कोलकात्याचा एटीके, पुन्हा जमशेदपूर, गोकुलम केरळा, आणि शेवटी २०२४ मध्ये आपल्याच जिल्ह्याचा मलप्पुरम एफसी. आता ही सगळी यादी जरा नीट बघा. मुंबई एफसी आज नाही. पुणे एफसीही नाही. दिल्ली डायनामोज २०१९ मध्ये भुवनेश्वरला गेला आणि ओडिशा एफसी झाला. एटीके २०२० मध्ये मोहन बागानमध्ये विलीन झाला. ज्या क्लबांसाठी हा माणूस घाम गाळत होता, त्यांतले चार आज त्या नावानं उरलेले नाहीत. त्याच्या अंगची कला मात्र शाबूत राहिली. क्लब बंद पडला तर दुसरा क्लब त्याला बोलावत होता, कारण याला मागे उभा केला की मागची काळजी मिटते, हे सगळ्यांना माहीत झालं होतं.

विद्यार्थी मित्रांनो, मला तुम्हाला सांगायचं आहे ते एवढंच. भरवसा ही गोष्ट एकदा कमावून कायमची खिशात ठेवता येत नाही. पुण्यात मिळवलेला भरवसा दिल्लीत चालत नाही. तिथे नवा प्रशिक्षक, नवा गोलरक्षक, शेजारी नवा जोडीदार, त्यांची भाषा वेगळी. स्टॉपरला गप्प राहून चालत नाही. कुणी मल्याळी, कुणी मणिपुरी, कुणी बंगाली, कुणी ब्राझीलचा, अशा सगळ्यांना एका फळीत बांधायचं तर आधी त्यांचं ऐकून घ्यावं लागतं आणि मग आपला आवाज त्यांच्या कानाला ओळखीचा करावा लागतो. पहिल्या दिवसाच्या सरावापासून पुन्हा सुरुवात. तुम्हीही उद्या शाळा सोडून कॉलेजात जाल, गाव सोडून पुण्या-मुंबईला जाल, नोकऱ्या बदलाल, कंपन्याही बंद पडतील. प्रत्येक ठिकाणी तुम्हाला कुणी ओळखत नसेल. तेव्हा वेळेवर येणं, काम शिकून घेणं, चूक झाली की दुसऱ्यावर न ढकलणं, आणि शेजारचा चुकला तर ओरडण्याआधी धावून जाऊन सावरणं, या चार गोष्टींवरच तुमची ओळख तयार होणार आहे.

पालकांशीही दोन शब्द बोलायचे आहेत. आपल्या देशात व्यावसायिक फुटबॉलपटूला वारंवार क्लब बदलावे लागतात आणि क्लब कधी बंद होईल याचा नेम नसतो, हे तुम्ही आत्ता ऐकलंत. म्हणून मुलांना खेळू देऊ नका असं मी मुळीच म्हणणार नाही. खेळू द्या, मनापासून पाठिंबा द्या, आणि त्याचबरोबर शिक्षणही सुटू देऊ नका. घरी आल्यावर "किती गोल केलेस?" एवढंच विचारू नका. मुलगा किंवा मुलगी बचावफळीत खेळत असेल, तर या प्रश्नाचं उत्तर कायम शून्यच येणार. "आज कुणाला अडवलंस? जोडीदाराशी जमलं का?" असं विचारा आणि उत्तर पूर्ण ऐकून घ्या.

शाळेसाठीही मला काही करायचं आहे. मुख्याध्यापक सरांशी बोलून, त्यांच्या संमतीनं मी हे जाहीर करतो. पुढच्या वर्षीपासून या शाळेच्या आंतरवर्गीय फुटबॉल स्पर्धेत उत्कृष्ट बचावपटूसाठी माझ्याकडून दोन फिरते चषक असतील, एक मुलांसाठी आणि एक मुलींसाठी. माझी एकच अट आहे. विजेत्याची निवड करणाऱ्या शिक्षकांनी सामना मधल्या रेषेजवळच्या खुर्चीत बसून बघू नये, गोलच्या मागे उभं राहून बघावा. कोण मान वळवून बघतोय, कोण आवाज देतोय, कोण दुसऱ्याची जागा भरून काढायला धावतोय, हे तिथूनच दिसतं. आणि चषक देताना त्या खेळाडूनं नेमकं काय केलं, हे सगळ्या शाळेसमोर वाचून दाखवावं. चांगलं काम ओळखता यायला हवं, आणि ते ओळखायलाही शिकावंच लागतं.

अंतिम फेरीत हरलेल्या संघातल्या मुलांनो, येत्या सोमवारी सरावाला या. मुलींनो, तुम्हीही या. पुढच्या वर्षीच्या संघाची तयारी तिथूनच सुरू होणार आहे.