इन्कार आणि कबुली



इंग्लंडच्या वायव्य भागात, मँचेस्टर शहरास अगदी लागून, स्टॉकपोर्ट नावाचे एक जुने उद्यमी गाव असून टोप्या बनविण्याच्या धंद्याबद्दल एके काळी त्याचा मोठा लौकिक होता. या गावातील वॉटर्लू रोडवरच्या एका साध्यासुध्या इमारतीत 1968 साली स्ट्रॉबेरी या नावाचा ध्वनिमुद्रणाचा स्टुडिओ सुरू झाला, आणि तेथेच पुढे सात वर्षांच्या आत ‘टेनसीसी’ नावाच्या चौघा गायक-वादकांच्या मंडळीने ‘आय ॲम नॉट इन लव्ह’ हे गीत सिद्ध केले. 1975 च्या मार्चमध्ये ‘द ओरिजिनल साउंडट्रॅक’ या त्यांच्या तिसऱ्या संग्रहात ते प्रथम आले आणि मे महिन्यात स्वतंत्र ध्वनिमुद्रिका म्हणून बाहेर पडले. ते रचले कसे गेले, एकदा पुसून कसे टाकले गेले आणि पुन्हा उभे कसे राहिले, ही हकिकत आज मला सांगावयाची आहे. माझ्या मते गेल्या शतकातील लोकप्रिय संगीतात शब्दाने जे नाकारले ते स्वराने वदवून घेण्याचा इतका मोठा आणि इतका चिकाटीचा उद्योग दुसरा झालेला नाही.

प्रथम या चौघांची ओळख करून देणे अवश्य आहे. एरिक स्ट्यूअर्ट हे गायक तर होतेच, शिवाय ध्वनिमुद्रणाच्या यंत्रांत त्यांना उत्तम गती होती आणि स्ट्रॉबेरी स्टुडिओच्या संस्थापकांपैकी ते एक होते. ग्रॅहम गोल्डमन यांनी ऐन विशीत ‘यार्डबर्ड्‌स’ आणि ‘हॉलीज’ यांच्यासारख्या नामांकित मंडळींना गाजलेली गीते लिहून दिली होती. केव्हिन गॉडली आणि लॉल क्रीम हे दोघे कलाशाळेतून शिकून आलेले, प्रयोगाची हौस असलेले आणि रुळलेल्या वाटेचा मनापासून कंटाळा असलेले. म्हणजे एकाच घरात दोन बिऱ्हाडे होती असे म्हणता येईल. एका बिऱ्हाडाला नेटकी, जुन्या घाटाची गीतरचना प्रिय, तर दुसऱ्याला जे पूर्वी कोणी केले नाही तेच करावयाचे.

गीताचे बीज एका घरगुती तक्रारीत आहे. स्ट्यूअर्ट यांच्या लग्नाला तेव्हा बरीच वर्षे होऊन गेली होती, आणि नवरा आपले प्रेम तोंडाने फारसे बोलून दाखवीत नाही, अशी त्यांच्या पत्नीची फिर्याद होती. स्ट्यूअर्ट यांचे म्हणणे असे की, तेच ते वाक्य उठता-बसता उच्चारले तर त्याला काही किंमत उरणार नाही. कोणत्याही घरात हा विषय एवढ्यावरच मिटला असता, परंतु स्ट्यूअर्ट यांच्या मनात तो घोळत राहिला, आणि त्यातून त्यांना असा एक नायक सुचला की, जो आपण प्रेमात पडलेलो नाही हे परोपरीने पटवून देत असतो आणि त्याच्या प्रत्येक पुराव्यागणिक त्याची बाजू अधिकाधिक लंगडी पडत जाते. तिची तसबीर भिंतीवर लावली आहे खरी, पण ती मागचा डाग झाकावा म्हणून, असे तो सांगतो, आणि ऐकणाऱ्याला सर्व काही कळून चुकते.

ही तऱ्हा आपल्या काव्यशास्त्राला मुळीच अपरिचित नाही. आनंदवर्धनाने ध्वन्यालोकाच्या आरंभीच वाच्यार्थ एक आणि व्यंग्यार्थ त्याच्या नेमका उलट अशी जी उदाहरणे दिली आहेत, ती गाथासप्तशतीत आढळणाऱ्या प्राकृत गाथांची आहेत. वरवर पाहता निषेध आणि आतून निमंत्रण, हा प्रकार सातवाहनांच्या काळी आपल्याच भूमीत रसिकांच्या परिचयाचा होता. तेव्हा स्ट्यूअर्ट यांनी जे लिहिले ते जातीच्या कवितेला सोडून होते असे नाही. प्रश्न एवढाच होता की, हा व्यंग्यार्थ गीतात वाहून कोणी न्यावयाचा.

स्ट्यूअर्ट आणि गोल्डमन यांनी थोड्याच दिवसांत गीत पुरे केले आणि त्याला ब्राझीलमधील बोसा नोव्हा या डौलदार, झुलत्या लयीचा साज चढविला. चौघांनी मिळून ते वाजविले, ध्वनिमुद्रित केले, ऐकले, आणि ते कोणालाही आवडले नाही. गॉडली आणि क्रीम यांना तर ते अगदीच सामान्य वाटले, आणि गॉडली यांनी आपला अभिप्राय कठोर शब्दांत देण्यास कमी केले नाही. शेवटी प्रकरण रद्द झाले ते इतके की, मुद्रित केलेली फीतही पुसून टाकण्यात आली. आज ती पहिली आवृत्ती ऐकावयाची म्हटले तरी सोय नाही.

येथेच हे गीत इतिहासजमा व्हावयाचे. परंतु स्टुडिओच्या दफ्तरात काम करणाऱ्या मंडळींच्या ओठी त्याची चाल बसली होती. जाता-येता कोणी ती गुणगुणत आहे, असे स्ट्यूअर्ट यांच्या कानी पडू लागले, आणि एवढे सुरेख गाणे तुम्ही अर्धवट का टाकले, असा सवालही त्यांना करण्यात आला. स्ट्यूअर्ट यांनी विषय पुन्हा सहकाऱ्यांपुढे ठेवला. तेव्हा ज्यांनी त्या गीताची सर्वांत कडक निर्भर्त्सना केली होती त्याच गॉडली यांनी तोड सुचविली: वाद्ये बाजूला ठेवा आणि सबंध गीत मानवी आवाजांवरच उभे करा. मला या प्रसंगाचे विलक्षण महत्त्व वाटते. नापसंती दर्शवून मोकळे होणारे टीकाकार पुष्कळ असतात; पण ज्याची नापसंती खरी, त्याच्याच मनात त्या वस्तूचे खरे रूप काय असावे याची काही कल्पना असते, आणि गॉडली यांची नापसंती या जातीची होती.

आता आवाजांवर उभे करावयाचे म्हणजे काय? गायकवृंद बोलावणे हा सरळ मार्ग होता, परंतु गायकवृंदाला श्वास घ्यावा लागतो, आणि या मंडळींना हवा होता तो कधीही न तुटणारा, श्वासाची खूण नसलेला मानवी स्वर. मग फितीची वेटोळी करण्याची युक्ती पुढे आली आणि चौघे कामाला लागले. गोल्डमन, गॉडली आणि क्रीम हे तिघे एका मायक्रोफोनभोवती उभे राहून ‘आ’ हा एकच उच्चार एकाच स्वरावर लांबवीत, आणि यंत्रापाशी बसलेले स्ट्यूअर्ट तो मुद्रित करून घेत. स्टुडिओतील यंत्रावर शेजारी शेजारी सोळा मार्ग होते; तेव्हा तोच स्वर तिघांनी सोळा वेळा गावयाचा, म्हणजे एका स्वराचे अठ्ठेचाळीस आवाज झाले. हे काम एका स्वरापुरते नव्हते. शुद्ध आणि विकृत मिळून सप्तकातील बारा स्वर आणि वर पुन्हा तार षड्ज अशा तेरा स्वरांसाठी तेच करावयाचे होते. हिशेब केला तर एकंदर आवाजांची संख्या 624 भरते. एका अक्षरापायी या मंडळींनी सुमारे तीन आठवडे खर्ची घातले.

प्रत्येक स्वराचे अठ्ठेचाळीस आवाज एकत्र करून त्याची जी फीत होई, तिची दोन टोके जोडून सुमारे बारा फूट लांबीचे वेटोळे बनविण्यात येई. एवढे वेटोळे यंत्रावर मावणार कसे? म्हणून ते यंत्राबाहेर काढून, मायक्रोफोनच्या दांड्यावर बसविलेल्या एका छोट्या रुळावरून फिरवून पुन्हा यंत्रात आणीत. वेटोळे इतके लांब ठेवण्याचे कारण उघड आहे. फितीचा सांधा मुद्रणशिरावरून सरकताना जो बारीकसा खटका उमटतो, तो जितका क्वचित येईल तितका बरा. वेटोळे फिरत राहिले की स्वर हवा तितका वेळ वाहता राही, आणि तो तसा सलग मुद्रित करून घेतला की एका स्वराचे काम संपले. अशा रीतीने सोळापैकी तेरा मार्ग या स्वरांनी व्यापले आणि बाकी सर्व कामासाठी अवघे तीन मार्ग शिल्लक राहिले.

यानंतर जे घडले ते तर मला ध्वनिमुद्रणाच्या इतिहासातील अत्यंत रम्य प्रकरण वाटते. मिक्सरवर प्रत्येक मार्गाचा आवाज कमी-अधिक करण्यासाठी एकेक सरकती कळ असते. तेरा स्वरांच्या तेरा कळा, आणि त्यांच्यावर चौघांचे हात. गीत पुढे सरकेल तसतशी ज्या स्वरसंगतीची गरज लागेल तिचे स्वर ज्याच्या वाट्याला असतील त्याने ते वर चढवावेत आणि पुढच्याने आपले चढविताच हलकेच उतरवावेत, असे करीत करीत त्या चौघांनी मिक्सर नावाचे यंत्र अक्षरशः वाद्य म्हणून वाजविले. त्यातही एक तजवीज अशी की, कळांच्या तळाशी चिकटपट्टी लावून त्या पुरत्या बंद होऊ नयेत अशी व्यवस्था केली. त्यामुळे न वाजणारे स्वरही अगदी मंदपणे, कळेल न कळेल असे, मागे चालूच राहिले. आपला गवई तंबोऱ्याच्या झंकारात बसून गातो, तसेच येथे घडले. भेद एवढाच की, तंबोऱ्यात नेमके सूर मिळविलेले असतात आणि येथे सप्तकातील झाडून सारे स्वर एकदम, पण इतक्या मंद आवाजात की त्यांचा कर्कशपणा मावळून केवळ एक अस्पष्ट, उबदार नाद उरावा.

बाकी साहित्य अगदी मोजके आहे. स्ट्यूअर्ट यांनी वाजविलेला विजेवरचा पियानो, गोल्डमन यांची गिटार, आणि ढोलाऐवजी मूग सिंथेसायझरवर गॉडली यांनी काढलेला हृदयाच्या ठोक्यासारखा मऊ आघात. शिवाय मधल्या भागात खर्जातील गिटारीचा एक छोटा आलाप आणि लहान मुलांच्या खेळण्यातील एक वाजती पेटी. स्ट्यूअर्ट यांचे गायनही संयमाचे आहे. आवाज कोठेही चढविलेला नाही, कारण नायक आपली बाजू शांतपणे मांडीत आहे. त्याला आपण फार तर्कशुद्ध बोलतो आहोत असे वाटते. पण त्याच्या पाठीमागे ते सहाशेवर आवाज अखंड उसासत असतात, आणि ज्या गोष्टीचा तो तोंडाने इन्कार करीत आहे तिची कबुली ते त्याच्या वतीने देऊन टाकतात. व्यंग्यार्थ कोणी वाहावयाचा या प्रश्नाचे उत्तर त्या चौघांना येथे सापडले. बोसा नोव्हाच्या झुलत्या ठेक्यात तो नायक थोडा चतुर, थोडा खेळकर वाटला असता. येथे तो असहाय वाटतो, आणि तेच त्याचे सत्य आहे.

मधल्या भागात एक स्त्रीस्वर कुजबुजतो आणि मोठ्या माणसाला रडू नकोस असे समजावतो. तो स्वर कोणा गायिकेचा नाही. त्या ठिकाणी काहीतरी बोलके हवे, अशी चर्चा चालली असतानाच स्टुडिओच्या दफ्तरातील एक तरुणी दार किलकिले करून आत आली आणि ध्वनिमुद्रणात व्यत्यय नको म्हणून दबल्या आवाजात स्ट्यूअर्ट यांना टेलिफोन आल्याचे सांगू लागली. क्रीम यांनी तिथल्या तिथे ओळखले की, हाच तो आवाज. तिने संकोचून पुष्कळ आढेवेढे घेतले, पण अखेर तिला मायक्रोफोनपुढे उभे करण्यात आले. एखाद्या निष्णात अभिनेत्रीने ते शब्द बहुधा अधिक सफाईने म्हटले असते, आणि त्या सफाईनेच ते वाया गेले असते असे मला वाटते.

या सर्व व्यवहारातील एक बाब मात्र लक्षात ठेवण्याजोगी आहे. स्टुडिओ परक्याचा असता आणि तासाच्या भाड्याने घ्यावा लागला असता, तर एका ‘आ’साठी तीन आठवडे देण्यास कोणत्या कंपनीने मंजुरी दिली असती? स्टॉकपोर्टच्या त्या इमारतीत मंडळी आपल्याच घरी होती, घड्याळाकडे पाहण्याची सक्ती नव्हती, आणि स्ट्यूअर्ट स्वतःच यंत्रापाशी असल्यामुळे ही कल्पना शक्य की अशक्य याबद्दल कोणा तिऱ्हाइताचा निवाडा मागावा लागत नव्हता.

पुढील इतिहास थोडक्यात सांगतो. फोनोग्राम कंपनीशी या मंडळीचा नवा करार झाला, त्यात या गीताचा मोठा वाटा होता. गीताची लांबी सहा मिनिटांहून अधिक, आणि नभोवाणीवर त्या काळी तीन-चार मिनिटांचाच शिरस्ता असल्यामुळे अमेरिकेत चार मिनिटांहूनही लहान अशी काटछाट केलेली आवृत्ती काढावी लागली. तरीही 1975 च्या जूनअखेर ते ब्रिटनमध्ये विक्रीच्या यादीत पहिल्या क्रमांकावर गेले आणि दोन आठवडे तेथे राहिले; अमेरिकेत ते तीन आठवडे दुसऱ्या क्रमांकावर होते. गीतकारांना ब्रिटनमध्ये अत्यंत मानाची समजली जाणारी आयव्हर नोव्हेलो पारितोषिकेही या गीताबद्दल लाभली.

चौघांचा हा संसार मात्र फार टिकला नाही. 1976 मध्ये गॉडली आणि क्रीम बाहेर पडले. गिटारीतून सारंगीवर्गातील वाद्यांसारखा सलग ध्वनी काढणारे ‘गिझमो’ नावाचे एक उपकरण त्यांनी सिद्ध केले होते, त्याच्या पायी त्यांनी हे धाडस केले. स्ट्यूअर्ट आणि गोल्डमन यांनी जुन्या नावानेच काम चालू ठेवले, आणि त्यानंतरही त्यांची गीते गाजली, 1978 मध्ये तर एक पुन्हा पहिल्या क्रमांकावर गेले. ती गीते सुबक आहेत, कानाला गोड आहेत. पण नीट बसलेली रचना निःशंकपणे पुसून टाकावयास लावणारा गॉडली त्यांच्या शेजारी आता नव्हता, हे माझ्या कानाला जाणवल्यावाचून राहत नाही.

नभोवाणी केंद्राच्या अधिकाऱ्यांनी माझी विनंती मान्य करून आज हे गीत काटछाट न करता, मूळच्या पूर्ण लांबीत ऐकविण्याचे ठरविले आहे. त्याला सहा मिनिटांवर अवधी लागेल. स्ट्यूअर्ट गाऊ लागतील तेव्हा त्यांच्या शब्दांकडे एक कान अवश्य असू द्या, परंतु दुसरा कान त्या ‘आ’काराकडे ठेवा, एवढे सांगून मी आपला निरोप घेतो.