आधी खाण दाखवा

मंडळी, अध्यक्षांनी माझी ओळख करून देताना ‘आज जरा हलका विषय’ असं म्हटलं. मी जन्मभर धातुशास्त्र शिकवलं. माझ्या लेखी हलकं म्हणजे ॲल्युमिनियम. (हशा) आजचा विषय त्याहून बराच जड आहे.

काळाशी खेळण्याच्या कथा तुम्हाला नव्या नाहीत. ब्रह्मदेवाकडे गेलेला रैवत राजा, त्याची रेवती, परत येईपर्यंत उलटलेली युगं, हे सगळं या सभागृहात कीर्तनातूनच ऐकलेलं आहे, म्हणून सोडून देतो. मी बोलणार आहे ते ब्रँडन सँडरसन या अमेरिकन लेखकाच्या ‘मिस्टबॉर्न’ मालिकेतल्या अ‍ॅटियम या धातूबद्दल. पहिली कादंबरी 2006 सालची. मागच्या रांगेतली तरुण मंडळी हसताहेत, म्हणजे त्यांनी वाचली आहे. पुढच्या रांगांसाठी दोन वाक्यांत सांगतो. त्या जगात आकाशातून राख पडते. हजार वर्षं एकच सम्राट गादीवर आहे. आणि काही माणसं धातूचे कण गिळून पोटात ‘जाळतात’ आणि त्यातून त्यांना शक्ती मिळते. लोखंड जाळलं की धातूच्या वस्तू ओढता येतात, पोलाद जाळलं की ढकलता येतात. कथिल, तांबं, जस्त यांचंही तसंच काही ना काही.

अ‍ॅटियम जाळलं की समोरचा माणूस पुढच्या काही क्षणांत काय करणार, त्याची सावली आधी दिसते. तलवार उचलायच्या आत तलवारीची सावली उतरलेली असते. मणी एवढासा, आणि तो बघता बघता संपतो. अशी वस्तू कुणापाशी असावी? मोठ्या सरदार घराण्यांपाशी. त्यांना ती कोण देतं? सम्राट. किती देतं? त्याच्या मर्जीला येईल तितकी. बस्स, राज्य चालवायला आणखी काय लागतं?

माझं म्हणणं एवढंच आहे. समीक्षक जादूचे नियम तपासतात. मी विचारतो, खाण कुठे आहे? सँडरसननं ती दाखवली आहे. हॅथसिनच्या खाणी. कैदी अरुंद भेगांतून सरपटत आत जातात, स्फटिकांच्या धारेत हात घालून अ‍ॅटियमचे गोटे शोधतात. ठरल्या मुदतीत गोटा मिळाला नाही तर मरण. नायक केल्सियर तिथून जिवंत बाहेर पडतो, पण त्याचे दोन्ही हात कोपरापर्यंत व्रणांनी भरलेले. दरबारात कुणाला क्षणभर पुढचं दिसतं, त्यासाठी या हातांची कातडी सोलली जाते.

‘काका, पण ही तर परीकथा!’ चहाच्या वेळी कुणीतरी म्हणालंच. बरं, मग खऱ्या धातूकडे येऊ. याच मालिकेत 2011 साली आलेल्या पुढच्या पुस्तकात काळाचे आणखी दोन धातू आहेत: कॅडमियम आणि बेंडॅलॉय. बेंडॅलॉय जाळलं की भोवती एक बुडबुडा तयार होतो आणि आतला काळ भरभर चालतो. बाहेर गोळीबार चालू आहे आणि आत दोघं निवांत मसलत करताहेत. कॅडमियमचं बरोबर उलटं. गंमत अशी की बेंडॅलॉय हा मिश्रधातू आपल्या प्रयोगशाळेतला आहे. निम्मा बिस्मथ, पाव हिस्सा शिसं, उरलेलं कथिल आणि कॅडमियम. वितळतो सुमारे 70 अंशांना! पातळ नळी वाकवायची असली की त्यात हा ओतायचा, गोठला की वाकवायची, मग गरम पाण्यात धरायची. नळी चेपत नाही आणि धातू ओघळून बाहेर येतो. मी याचा चमचा करून वर्गात गरम पाण्यात ढवळत असे. दांडा हातात, चमचा तळाशी! पोरं टाळ्या वाजवत. मग मी सांगत असे, हा चहात कधी घालू नका, आत कॅडमियम आहे. आणि कॅडमियम म्हटलं की जपानची जिंझू नदी सांगितल्याशिवाय मला राहवत नसे. तोयामा प्रांत. वर कामिओकाची खाण, तिथून कॅडमियम नदीत, नदीतून भातखाचरात, भातातून माणसांच्या हाडांत. विशेषतः उतारवयाच्या बायका. हाडं इतकी ठिसूळ की साध्या हालचालीनं मोडावीत. सरकारनं 1968 साली हा प्रदूषणाचा रोग म्हणून मान्य केला, तोवर कितीतरी जणी...

चिठ्ठी आली. ‘पाच मिनिटं.’ अध्यक्षमहाराज, मला बेंडॅलॉय नको. तुमच्या खुर्चीभोवती फक्त कॅडमियमचा बुडबुडा करून द्या. तुमच्या पाच मिनिटांत माझा अर्धा तास होईल. (हशा) नाही? बरं.

मग दोनच मुद्दे. ज्यांना शेवट आधी कळायला नको, त्यांनी कान झाका. पहिला: सम्राट हजार वर्षं तरुण कसा? त्याच्या दंडांवरच्या कड्यांत अ‍ॅटियम आहे आणि त्यात साठवलेलं तारुण्य तो वापरतो. विन नावाची पोर ती कडी ओरबाडून काढते आणि तो डोळ्यांदेखत म्हातारा होतो. म्हणजे ती खाण फक्त खजिना भरत नव्हती, सम्राटाचं वयही राखत होती.

दुसरा: केल्सियर लढाईत शूर आहेच, पण त्याचा सर्वांत मोठा पराक्रम माझ्या मते वेगळाच. शक्ती वापरली की ते स्फटिक फुटतात, हे ओळखून तो खाणीत उतरतो आणि खाणच निकामी करतो. वाचक द्वंद्वयुद्धांच्या गोष्टी सांगत बसतात, पण सरदारांना ताब्यात ठेवणारा पुरवठा इथे तुटला.

तेव्हा नातवंडं नव्या पुस्तकातली जादू सांगायला आली, तर ‘असं कुठं असतं का’ म्हणू नका. ‘हे खणून काढतं कोण?’ एवढं विचारा. पुस्तकात उत्तर नसेल, तर लेखकानं निम्मीच गोष्ट सांगितली. प्रश्न खाली उतरल्यावर घेतो, माईक काढायला माणूस आलासुद्धा!