मुलांच्या हाती हिशेबाची वही द्या
(पालकांसमोर केलेले भाषण)



आपण मुलांच्या अभ्यासाची चौकशी करण्यास शाळेत येता, याचा आम्हांस आनंद वाटतो. परंतु ‘माझ्या मुलाला पैशाचा व्यवहार कळतो का?’ असे विचारणारे पालक विरळाच! २०१८ साली आलेल्या दहावीच्या गणितात ‘अर्थनियोजन’ हे स्वतंत्र प्रकरण आहे. तरीही त्यात पैकीच्या पैकी गुण मिळविणारा मुलगा बँकेत पैसे भरण्याची स्लिप लिहिताना अडखळतो. कारण खरा हिशेब घरात शिकावा लागतो.

आपल्या घरांतून पैशाची ओढाताण मुलांपासून लपविली जाते. वडील उसनवारी करतात, आई दागिना गहाण टाकते आणि मुलाला वाटते, अब्बांचा खिसा कधी रिकामा होतच नाही. आता तर मोबाइलवरून पैसे दिले जातात. पूर्वी नोट हातून जाताना मुलाला निदान दिसत असे!

यावर उपदेश उपयोगी पडत नाही, सवय लावावी लागते. मुलाला आठवड्याची ठराविक रक्कम द्या, मग ती थोडी का असेना. जमा एकीकडे, खर्च दुसरीकडे, असे त्यालाच वहीत लिहू द्या. रक्कम बुधवारी संपली तर शनिवारपर्यंत थांबू द्या. मध्येच पुन्हा देऊ नका. शाळेच्या २०० दिवसांत रोज १० रुपयांचा खाऊ घेतला, तर २,००० रुपये होतात. हा गुणाकार आपण सांगण्यापेक्षा त्याने वहीत मांडलेला बरा.

ईदीचे पैसेही परस्पर घरखर्चात घालू नका. रिझर्व्ह बँकेने २०१४ साली दहा वर्षांवरील मुलांना स्वतः बचत खाते उघडू व चालवू देण्याची मोकळीक बँकांना दिली. पोस्टातही दहाव्या वर्षापासून मुलाच्या नावे खाते निघते. मुलाला सोबत न्या, फॉर्म त्याच्याकडून भरून घ्या. आणि मुलीलाही न्या, हे आग्रहाने सांगतो. उद्या संसाराची जबाबदारी तिच्या एकटीवर आली, तर कागदावर सही कुठे व कशासाठी करावयाची, हे तिला ठाऊक असले पाहिजे.

स्वावलंबन याच्याच जोडीचे आहे. कर्मवीर भाऊराव पाटील यांनी १९१९ साली रयत शिक्षण संस्था स्थापन केली. तिच्या वसतिगृहांतून सर्व जातिधर्मांची मुले एकत्र राहिली. ‘कमवा व शिका’ या योजनेत शेतात राबून ती शिकली. त्या श्रमांची त्यांना लाज वाटली नाही. आपल्या मुलांनी निदान स्वतःचे कपडे धुवावेत, सुट्टीत वडिलांच्या दुकानात बसून वहीखाते पाहावे. मात्र त्यापायी शाळा बुडता कामा नये.

पालकहो, आज घरी जाताना एक वही विकत घ्या आणि पहिल्या पानावर मुलाचे वा मुलीचे नाव त्यांच्याच हाताने लिहून घ्या.