मंजुळेला हसू नका



विनोदी नटीला टाळ्या भरपूर मिळतात, पण तिच्या कामाचा अभ्यास फारसा कुणी करत नाही. हसवणं म्हणजे अंगचाच गुण, त्यात शिकायचं ते काय, असं आपण धरून चालतो. आज मी भक्ती बर्वे यांच्याबद्दल बोलणार आहे. त्यांचं काम नीट पाहिलं की हा समज टिकत नाही.

भक्ती बर्वे यांचा जन्म १० सप्टेंबर १९४८ चा, सांगलीचा. सुधा करमरकरांच्या ‘लिटल थिएटर’च्या बालनाट्यांतून त्या रंगभूमीवर आल्या. पुढे आकाशवाणीवर निवेदिका झाल्या, आणि मुंबईला दूरदर्शन आलं तेव्हा त्या पडद्यावर बातम्या सांगू लागल्या. आकाशवाणीची नोकरी माझ्या मते फार महत्त्वाची. इथे, या रेडिओच्या स्टुडिओत, चेहरा कामाला येत नाही, हातवारे कामाला येत नाहीत. श्वास चुकीच्या जागी घेतला तर तो ऐकणाऱ्याला कळतो. शब्दाचं शेवटचं अक्षर गिळलं तर वाक्य पडतं. विनोदाचंही तसंच आहे. हशा नेमका कुठे येणार, तो ओसरायच्या आत पुढचं वाक्य घ्यायचं की थांबायचं, याचा हिशेब कानानेच करावा लागतो. त्यांचा कान इथे तयार झाला.

तो कान उपयोगी पडला ‘ती फुलराणी’त. पहिला प्रयोग २९ जानेवारी १९७५ चा. बर्नार्ड शॉच्या ‘पिग्मॅलियन’वरून पु. ल. देशपांडे यांनी लिहिलेलं हे नाटक. फुलं विकणारी मंजुळा साळुंके आणि भाषेचे प्राध्यापक अशोक जहागीरदार. ते काम सतीश दुभाषींचं. या मुलीला शुद्ध बोलायला शिकवून बड्या लोकांत मिरवून दाखवीन, अशी प्राध्यापकांची पैज. म्हणजे नाटकाचा सगळा डोलारा एका बाईच्या बोलण्यावर उभा.

आता इथे मोठा धोका आहे. गावठी बोलणाऱ्या बाईला हसणं आपल्याकडे फार सोपं. ‘ण’ चा ‘न’ करा, हेल काढा, नाक मुरडा, हशा वसूल. आपल्या वऱ्हाडातल्या माणसाला हे सांगायला नको. नाटकात, सिनेमात आपली बोली किती तरी वेळा नुसती खिदळण्यापुरती आली आहे. भक्ती बर्वेंनी ही सोपी वाट धरली नाही. त्यांची मंजुळा जे बोलते ते तिला मुळीच विनोदी वाटत नाही. ती भांडते तेव्हा खरी भांडते, घाबरते तेव्हा खरी घाबरते. लोक हसतात, पण हसता हसता तिच्या बाजूचे होतात.

तिचं ते गाजलेलं स्वगत पाहा. मास्तरांनी, म्हणजे प्राध्यापक जहागीरदारांनी, हैराण केलेली मंजुळा एकटी उरते आणि नसलेल्या मास्तरांना सुनावू लागते. आज तुझा पगडा भारी आहे, पण तो राहायचा नाही, मी राणी होईन आणि मग तुझं काय करते बघ, असा एकूण नूर. कागदावर ती यमकं साधत चाललेली बडबड आहे. भक्ती बर्वेंच्या तोंडी ती पायऱ्या चढत जाते. आधी दबलेला राग, नुसता पुटपुटल्यासारखा. मग धमकी. मग स्वप्नात हरवलेली, लाडात आलेली राणी, तिचा आवाज वेगळाच. आणि मास्तर गयावया करतोय हे मनात दिसायला लागलं की पुन्हा फुलवाली, या वेळी मोकळ्या गळ्याची. साथीला कुणी नट नाही, तरी समोर मास्तर उभा आहे असंच वाटतं. ध्वनिमुद्रण मिळालं तर डोळे मिटून ऐका.

माझ्या दृष्टीने त्याहून अवघड ती मधली, अर्धवट शिकलेली मंजुळा. उच्चार सुधारलेत, पण बोलायचा विषय अजून गल्लीतलाच, ही शॉपासून आलेली गंमत. नटीला इथे दोन भाषा एकाच वाक्यात सांभाळाव्या लागतात आणि दोन्ही खऱ्या वाटाव्या लागतात.

दूरदर्शनसाठी त्यांनी बहिणाबाई चौधरींची भूमिका केली, तिथेही हाच कान दिसतो. खानदेशची बोली आपल्या वऱ्हाडीच्या शेजारची. शहरी नटी ती बोलते तेव्हा आपण लगेच चूक पकडायला बसतो. पण मंजुळेला जिने हास्यास्पद होऊ दिलं नाही, ती बहिणाबाईंना कशी होऊ देईल?

‘फुलराणी’वरच त्या थांबल्या नाहीत. अशोक पाटोळे यांच्या ‘आई रिटायर होतेय’मध्ये घरकामातून निवृत्ती जाहीर करणारी आई त्यांनी केली. कल्पना हसवणारी, पण प्रेक्षागृहातल्या बायका त्या हसण्यात आपापला संसार ओळखत होत्या. १९८३ च्या ‘जाने भी दो यारो’त ‘खबरदार’ या नियतकालिकाची संपादिका शोभा त्यांची, गोड बोलून व्यवहार साधणारी, वरून आदर्शवादी. त्या सिनेमातल्या धमालीत त्यांचं काम संयमाचं आहे, म्हणून ते अधिक बोचतं. ‘गांधी विरुद्ध गांधी’त कस्तुरबाही त्यांनीच केल्या. १९९० साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. पुढे ‘पुलं, फुलराणी आणि मी’ हा एकटीचा कार्यक्रम त्या करत असत.

१२ फेब्रुवारी २००१. वाईचा कार्यक्रम आटोपून मुंबईला परतताना द्रुतगती मार्गावर गाडीला अपघात झाला आणि भक्ती बर्वे गेल्या. वय अवघं बावन्न. आज त्या असत्या तर आईच्या, आजीच्या किती भूमिका त्यांनी उभ्या केल्या असत्या, या विचाराने मला अजून हळहळ वाटते.

मंजुळा मात्र थांबली नाही. सुकन्या कुलकर्णी, अमृता सुभाष, हेमांगी कवी यांनी ती पुढे केली. आणि आपल्या गॅदरिंगमध्ये, एकपात्री स्पर्धांमध्ये कमरेला पदर खोचून हे स्वगत म्हणणाऱ्या मुली तर दर वर्षी भेटतात. त्या मुलींना आणि त्यांच्या शिक्षकांना माझी एक विनंती आहे. टेपवरचे हेल जसेच्या तसे उचलू नका. रिसोडच्या, कारंज्याच्या बाजारात भाजी घेऊन बसलेली बाई गिऱ्हाईकाशी कशी बोलते, कुठे आवाज चढवते, कुठे गप्प राहून भाव टिकवते, ते आधी जाऊन ऐका. मग मंजुळा म्हणा, आणि आपल्या वऱ्हाडीत म्हणून बघा.