बांधावरचे दुर्लक्षित फुलपाखरू



फुलपाखरू म्हटले की रंगीत पंख डोळ्यांपुढे येतात. २०१५ साली ‘ब्ल्यू मॉरमॉन’ या काळ्या-निळ्या फुलपाखरास राज्य फुलपाखराचा मान मिळाला. परंतु नायगावच्या शिवारात पावसाळ्यात गवतावरून झेपावणारे लहानसे तपकिरी फुलपाखरू क्वचितच नजरेत भरते. पुष्कळजण त्यास पतंगच समजतात.

हे स्किपर कुळातील ‘पेलोपिडास मथायस’ होय. फॅब्रिशियस या कीटकशास्त्रज्ञाने १७९८ साली त्याचे प्रथम वर्णन केले. अंग जाड, डोळे मोठे व शृंगिकांची टोके आकड्यासारखी वळलेली असतात. पुढील पंखांवर अर्धपारदर्शक ठिपके असून नराच्या पंखावर राखी रंगाची तिरपी रेघ दिसते. आफ्रिकेपासून अरबस्तान व भारतमार्गे थेट जपानपर्यंत त्याचा आढळ आहे.

त्याची हिरवी अळी भात, ऊस व गवत यांची पाने रेशमी धाग्याने जुळवून त्यांत राहते. तिचा उपद्रव सहसा किरकोळ असतो; परोपजीवी गांधीलमाश्या तिला आवरतात. अळी दिसताच सरसकट फवारणी केली, तर हे मित्रकीटकही मरतात. म्हणून ओळख पटविल्यावाचून औषध मारू नये.

२००२ च्या जैवविविधता कायद्यानुसार ग्रामपंचायतींनी समिती नेमून लोकजैवविविधता नोंदवही तयार करावयाची आहे. ती केवळ कागदोपत्री राहू नये. शिक्षकांनी विद्यार्थ्यांसह बांधावर जावे; दिनांक, ठिकाण व खाद्यवनस्पती टिपावी. सदस्यांनी ती नोंद वहीत घ्यावी. ज्याची नोंदच नाही, ते नाहीसे झाले तरी गावास कळत नाही.

जय हिंद, जय महाराष्ट्र!