दुसऱ्या नायिकेचं पुढं काय होतं?

(औरंगपुरा येथे झालेल्या वाचक मेळाव्यातील भाषण)

 

आजचा विषय कळल्यावर आमच्याच दोन-तीन कार्यकर्त्यांनी नाक मुरडलं. चळवळीच्या व्यासपीठावर प्रेमकथा कशाला? तलाक, मेहर, शिक्षण, नोकरी हे विषय संपले का? मी म्हटलं, संपले नाहीत. पण हेच सगळे विषय आपल्या मुली रोज रात्री मोबाईलवर वाचतायत, फक्त ते कादंबरीच्या रूपात असतात. निकाह, मेहर, सवत, तलाक, खुला हे शब्द एखाद्या कायद्याच्या शिबिरात जितक्या वेळा येत नाहीत तितके एका जाड उर्दू रोमान्स कादंबरीत येतात. मग त्यावर बोलायला नको?

आधी एक सांगून टाकते. मुलींनी हे वाचू नये असं मी म्हणणार नाही. "नॉव्हेल वाचून पोरगी बिघडली" हे वाक्य आपल्या गल्ल्यांमध्ये फार जुनं आहे. कादंबरी वाचून बिघडलेली पोरगी मला अजून भेटलेली नाही. निकाहनामा न वाचता सही केलेल्या मात्र खूप भेटल्या. कौटुंबिक तंट्यांच्या समुपदेशनात माझी काही वर्षं गेली, त्या अनुभवावरून बोलतेय.

या कादंबऱ्या येतात कुठून? पाकिस्तानातल्या बायकांच्या मासिकांतून, म्हणजे डायजेस्टमधून, ही परंपरा वाढली. उमेरा अहमद, निमरा अहमद, फरहत इश्तियाक ही नावं इथल्या कित्येक मुलींना तोंडपाठ आहेत. २०१४ मध्ये आपल्याकडे 'जिंदगी' वाहिनी सुरू झाली आणि 'जिंदगी गुलजार है', 'हमसफर' या मालिका घराघरात गेल्या. दोन्ही मूळ कादंबऱ्याच. त्याच साली 'प्रतिलिपी' निघाली. तिथं मराठीतही भागाभागानं कथा येतात आणि लिहिणाऱ्यांत बायका भरपूर आहेत. शिवाय रोमन लिपीत टाईप केलेल्या उर्दू कादंबऱ्या एका फोनवरून दुसऱ्या फोनवर फिरत असतात. ज्या मुलीला उर्दू लिपी येत नाही, तीही त्या वाचते.

या कथांत इतक्या नायिका आणि इतके धक्के का असतात, याचं उत्तर त्यांच्या बांधणीत आहे. कथा भागाभागानं येते. वाचकानं पुढचा भाग उघडला पाहिजे, म्हणून प्रत्येक भागाच्या शेवटी काहीतरी फुटलं पाहिजे. एकाच जोडीची गोष्ट शंभर भाग कशी ताणणार? मग नायकाची चुलत बहीण येते, तिची मैत्रीण येते, गावाकडची अनाथ मुलगी येते. हवेली एक, नायिका चार. डायजेस्टला महिनाभर थांबावं लागायचं, आता एक दिवस, एवढाच फरक. यात कमी दर्जाचं काही नाही. डिकन्सही असाच भागाभागानं छापून यायचा.

आणि हे आजचं फॅडही नाही. उर्दू कादंबरीचे जनक म्हणतात त्या डेप्युटी नजीर अहमद यांची १८६९ ची 'मिरातुल उरूस' दोन बहिणींची गोष्ट आहे, अकबरी आणि असगरी. पुढं १८८५ मध्ये त्यांनी 'फसाना-ए-मुब्तला' लिहिली. तिच्यात एक नवरा आणि दोन बायका आहेत, गैरत बेगम आणि हरियाली. ही कादंबरी दुसऱ्या लग्नाच्या विरोधातच लिहिलेली आहे. १८८५ मध्ये एक मुसलमान सरकारी अधिकारी बहुपत्नीत्वानं घर कसं उद्ध्वस्त होतं ते दाखवतो, आणि आज १४० वर्षांनी आपल्या मोबाईलवरच्या कथेत दुसरं लग्न म्हणजे रोमँटिक वळण! हे थोडं विचित्र आहे.

मराठीतलं उदाहरण बघा. १९६२ च्या 'रंभा' दिवाळी अंकात चंद्रकांत काकोडकरांची 'शामा' ही कथा आली. त्यात एक कवी आणि त्याच्या आयुष्यात आलेल्या तीन स्त्रिया आहेत: नीला, वनिता, शामा. त्यावर अश्लीलतेचा खटला झाला. खालच्या कोर्टात सुटका, उच्च न्यायालयात शिक्षा, आणि शेवटी १९६९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं लेखकाला निर्दोष ठरवलं. सात वर्षं चर्चा कशाची झाली? वर्णन किती उघडं आहे, तरुण बिघडतील का, याची. त्या तिघींचं पुढं काय होतं हा प्रश्न कोर्टासमोर नव्हताच. पण वाचक म्हणून तो आपण विचारायला हवा. अनेक नायिकांच्या कथेत एकीला नायक मिळतो. उरलेल्यांचं काय? बहुतेक कथांत दुसरी एक तर दुष्ट निघते, नाही तर आजारानं मरते, नाही तर त्याग करून परदेशी जाते. तिला जगायला घर, पैसा, पोटगी काही लागत नाही.

हा प्रश्न ज्या लेखिकेनं सोडला नाही ती आपल्या अमरावतीची. वाजिदा तबस्सुम १९३५ मध्ये अमरावतीत जन्मल्या, पुढं हैदराबादला गेल्या, आणि तिथल्या नवाबी हवेल्यांबद्दल असं लिहिलं की लोक खवळले. त्यांची 'उतरन' वाचली नसेल तर जरूर वाचा. नवाबाची मुलगी आणि दाईची मुलगी बरोबर वाढतात, आणि दाईच्या मुलीला जन्मभर दुसरीचे उतरलेले कपडे मिळतात. शेवट सांगून तुमची मजा घालवत नाही, पण त्या शेवटच्या धक्क्यात हवेलीचा सगळा हिशोब उलटतो. तिथं दुसरी नायिकाच कथा हातात घेते. ती जे करते ते नैतिक आहे का यावर वाद घाला, मलाही ते पटतंच असं नाही. पण तो धक्का आकाशातून पडत नाही. पहिल्या पानापासूनच्या अपमानातून येतो.

आजच्या कथांमधले धक्के घेऊ. तुम्ही वाचता, म्हणजे ओळखालच.

पहिला: नायिका कॉलेजात जाते, कुणावर तरी मन बसतं, आणि अचानक कळतं की तिचा निकाह लहानपणीच चुलत भावाशी झालेला आहे. मग ती रडते, चिडते, आणि पन्नासाव्या भागात त्याच्याच प्रेमात पडते. प्रत्यक्षात? १९३९ च्या मुस्लिम विवाह विच्छेद कायद्यात लिहिलंय की वडिलांनी किंवा पालकांनी पंधरा वर्षांच्या आत लग्न लावून दिलं असेल आणि संबंध आलेला नसेल, तर अठरा पूर्ण होण्याआधी मुलगी ते लग्न नाकारू शकते. २००६ च्या बालविवाह प्रतिबंधक कायद्यानंही असं लग्न रद्द करून घेता येतं, आणि त्यासाठी सज्ञान झाल्यावरही दोन वर्षांची मुदत आहे. एवढ्या कादंबऱ्या वाचल्या, पण कोर्टात जाणारी बालवधू मला एकीतही सापडली नाही. लेखिका इथं बसल्या असतील तर कथानक फुकट देते, घ्या.

दुसरा: जबरदस्तीचा निकाह. हा तर एक वेगळा प्रकारच झालाय. नायक सूडापोटी मुलीला उचलून आणतो, काजीला बसवतो, ती थरथरत "कुबूल है" म्हणते, आणि पुढं दीडशे भाग त्याचा राग कसा मऊ पडतो त्याचे. इथं मी गप्प बसणार नाही. भारतीय न्यायालयं ज्या मुल्लांच्या ग्रंथावर विसंबतात त्यात स्पष्ट आहे की सज्ञान व्यक्तीच्या संमतीशिवाय लावलेला निकाह निरर्थक ठरतो. आणि दीनचं बोलायचं तर खन्सा बिन्त खिदाम यांची हदीस बुखारीत आहे. वडिलांनी मनाविरुद्ध लग्न लावलं म्हणून त्या पैगंबरांकडे गेल्या आणि तो निकाह रद्द झाला. वडिलांनी लावलेला टिकला नाही, तर बंदुकीच्या धाकाचा कसा टिकेल?

तिसरा, मला सगळ्यात आवडणारा: मेलेला नवरा परत येतो. नायिकेनं दुसरा संसार थाटलाय, आणि दारात तो उभा! हे फिल्मी वाटतं ना? पण १९३९ च्या त्याच कायद्यानं या प्रसंगाचा विचार केलाय. नवऱ्याचा चार वर्षं ठावठिकाणा नसेल तर बायकोला घटस्फोट मागता येतो. मात्र तो हुकूम सहा महिन्यांनी लागू होतो, आणि त्या सहा महिन्यांत नवरा हजर झाला आणि नांदवायला तयार आहे असं त्यानं कोर्टाला पटवलं, तर हुकूम रद्द होतो. सहा महिन्यांची ही धाकधूक कुठल्याही कादंबरीपेक्षा कमी नाही. या कायद्यामागं मौलाना अश्रफ अली थानवी यांची मेहनत आहे, हेही आपल्याकडे कमी लोकांना ठाऊक असतं. हनफी मतानुसार अशा बाईला वाट बघत आयुष्य काढावं लागे. पंजाबात काही बायका सुटकेसाठी धर्मच सोडू लागल्या होत्या. तेव्हा थानवी साहेबांनी मालिकी मताचा आधार घेऊन वाट काढली.

चौथ्या धक्क्याचं घर तर आपल्याच शहरात आहे. बायको पोटगीसाठी कोर्टात जाते. नवरा लेखी जबाबात सांगतो, "हिला तर मी फार पूर्वीच तलाक दिलाय." तिला हे त्या कागदावरूनच कळतं! कादंबरीत असं लिहिलं तर तुम्ही म्हणाल, लेखिकेनं अति केलं. आपल्या कोर्टांत हे नेहमी घडायचं. २००२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात पूर्णपीठानं ठरवलं की लेखी जबाबात नुसतं सांगून तलाक होत नाही. तो दिल्याचं, त्यामागं कारण असल्याचं आणि आधी दोन्हीकडच्या मध्यस्थांमार्फत समेटाचा प्रयत्न झाल्याचं नवऱ्यानं सिद्ध करावं लागेल. २०१७ च्या शायराबानो निकालाची चर्चा देशभर झाली, व्हायलाच हवी होती. पण त्याच्या पंधरा वर्षं आधी हे इथं, आपल्या शहरात घडलं होतं, आणि त्यामागं मराठवाड्यातल्या साध्या बायकांची प्रकरणं होती. त्यावर कादंबरी नाही. नाटक नाही. एक बरी कथाही माझ्या वाचनात नाही.

आता सवतीचं. या कथांत दर तिसऱ्या हवेलीत दुसरी बायको असते. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या २०१९-२१ च्या फेरीत बहुपत्नीत्वाचं प्रमाण मुस्लिमांत १.९ टक्के आणि हिंदूंत १.३ टक्के आलंय. म्हणजे वस्तीत सवती कमी आणि कादंबरीत जास्त. बाहेरचे लोक आपल्याला ज्या नजरेनं बघतात, तीच नजर आपली लेखिका रंजनासाठी उसनी घेते. हे मला खटकतं. पण १.९ टक्के म्हणजे शून्य नव्हे, हेही तितक्याच जोरात सांगते. ज्या घरात ती गोष्ट घडते तिथं आकडेवारीचा काही उपयोग नसतो. दोन बायकांना समान वागवत नसेल तर पहिलीला त्याच कारणावर घटस्फोट मागता येतो, हे १९३९ पासून कायद्यात आहे. किती जणींना माहीत होतं, हात वर करा. ... बघा.

आंतरधर्मीय प्रेमावर मात्र या कादंबऱ्या गप्प असतात, मराठीतल्याही आणि उर्दूतल्याही. कारण उघड आहे. डिसेंबर २०२२ मध्ये महाराष्ट्र सरकारनं आंतरधर्मीय विवाहांवर लक्ष ठेवायला समिती नेमली. विशेष विवाह कायद्याची तीस दिवसांची नोटीस तर आहेच. अशा हवेत लेखिका घाबरते, आणि मी तिला दोष देणार नाही.

कुणी म्हणेल, आपा, प्रेमकथेत एवढा कायदा घातलात तर प्रेम कुठं राहील? त्यासाठी बरीरा यांची गोष्ट सांगते. बरीरा गुलाम होत्या, मुक्त झाल्या, आणि मुक्त झाल्यावर नवऱ्याबरोबर राहायचं की नाही हे ठरवण्याचा हक्क त्यांना मिळाला. नवरा मुगीस त्यांच्यावर जीव टाकायचा. मदीनेच्या रस्त्यांवर तो त्यांच्या मागं रडत फिरे, दाढी भिजेपर्यंत. पैगंबरांनी बरीरांना विचारलं, त्याच्याकडे परत जाशील का? बरीरांनी उलट विचारलं, हा तुमचा हुकूम आहे का? ते म्हणाले, नाही, मी फक्त शिफारस करतोय. तर मला त्याची गरज नाही, बरीरा म्हणाल्या. आणि कुणी त्यांना वाईट ठरवलं नाही. मुगीसचं रडणंही कुणी हास्यास्पद ठरवलं नाही. मोबाईलवरच्या कथेत नायक एवढा रडला असता तर नायिकेला परत जावंच लागलं असतं.

ज्या लिहितात त्यांना एक धक्का सुचवते, अजून कुणी वापरलेला दिसत नाही. निकाहनाम्यात अटी लिहिता येतात. तलाक-ए-तफवीज म्हणजे विशिष्ट परिस्थितीत, उदाहरणार्थ नवऱ्यानं दुसरं लग्न केलं तर, तलाक घेण्याचा अधिकार बायकोला आधीच लिहून देणं. भारतीय न्यायालयांनी अशा अटी मान्य केल्या आहेत. आता कल्पना करा: नायक दुसरीला घेऊन हवेलीत येतो, सगळे पहिलीकडे बघतात, ती रडेल म्हणून. ती कपाटातून कागद काढते.

अशा अटी असलेल्या निकाहनाम्याचे नमुने मराठीत आणि उर्दूत मागच्या टेबलावर ठेवलेत. ज्यांच्या घरी या वर्षी लग्न आहे त्यांनी दोन-दोन प्रती न्या, एक मुलीकडे आणि एक काजी साहेबांकडे. आता प्रश्न विचारा, आधी मुली, मग बाकीचे.